भेटीचा वार

१. "भेटाले कागद कायले पाह्यजे?"

नवरा-बायकोचं बिनसलं. ती दीड वर्षाचं मूल कडेवर घेऊन माहेरी आली, तो पुण्याकडे कंपनीत कामाला राहिला. चार-सहा महिन्यांनी तो मुलाला बघायला सासुरवाडीला आला, तर सासऱ्यानं ओट्यावरूनच सांगितलं, कोर्टाचा कागद आण, मग बघू. तो वकिलाकडे जातो तेव्हा त्याचा पहिला प्रश्न हाच असतो: "माह्यं लेकरू हाय, मंग भेटाले कागद कायले पाह्यजे?"

तिचा प्रश्न वेगळा असतो. "सहा महिन्यांत एक रुपया पाठवला नाही, लेकराला ताप होता तेव्हा फोन नाही. आता दाखवायलाच पाहिजे का?"

दोन्ही प्रश्न खरे आहेत आणि दोन्हींची उत्तरं कायद्यात आहेत. समजायला सोपं जावं म्हणून एक काल्पनिक कुटुंब धरून चालू. आईचं माहेर वाशीम जिल्ह्यातल्या मंगरुळपीर तालुक्यातलं आसेगाव. वडील चाकणला एका कारखान्यात. मुलगा आता अडीच वर्षांचा. घटस्फोट अजून झालेला नाही, फक्त वेगळं राहणं सुरू आहे. अशी घरं आज वाशीम, बुलढाणा, हिंगोलीच्या गावागावांत आहेत. शेती पुरत नाही म्हणून नवरा पुण्या-मुंबईकडे, आणि संसार मोडला की बाई परत माहेरी. त्यामुळे इथला भेटीचा प्रश्न शहरातल्या प्रश्नाहून निराळा होतो. मधे एका रात्रीचा प्रवास असतो.

२. तीन वेगवेगळे हक्क

भांडणात सगळे जण एकच शब्द वापरतात: ताबा. पण कायद्याला इथे तीन गोष्टी दिसतात आणि त्या वेगळ्या केल्याशिवाय पुढचं काहीच नीट कळत नाही.

शेतीचं उदाहरण घ्या. सातबाऱ्यावर नाव एकाचं असतं. जमीन कसतो दुसराच. आणि त्या शेताच्या धुऱ्यावरून स्वतःच्या वावरात जायची वाट तिसऱ्याची असते. वाटेचा हक्क असणारा मालकही नसतो आणि कसणाराही नसतो. पण वाट नांगरून टाकली तर तो तहसीलदाराकडे जाऊ शकतो आणि वाट मोकळी करून घेऊ शकतो.

मुलाच्या बाबतीत सातबाऱ्यावरचं नाव म्हणजे पालकत्व. मुलाच्या नावची मालमत्ता, शाळा, पासपोर्ट, मोठी शस्त्रक्रिया असे निर्णय घेण्याचा अधिकार. कसणं म्हणजे ताबा: मूल रोज कोणाच्या घरी झोपतं, कोण जेवू घालतं. आणि वाट म्हणजे भेटीचा हक्क. ताबा गेला म्हणून पालकत्व जात नाही, आणि ताबा दुसऱ्याकडे असला म्हणून वाट बंद होत नाही.

तुलना इथेच सोडून द्यावी, कारण ती पुढे नेली की चूक होते. मूल ही मालमत्ता नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1973 मध्ये रोझी जेकब यांच्या खटल्यात स्पष्ट सांगितलं की मुलं ही आईबापांची चीजवस्तू नाहीत आणि खेळणीही नाहीत. जमिनीच्या दाव्यात कोर्ट बघतं की हक्क कोणाचा जास्त पक्का. मुलाच्या अर्जात कोर्ट बघतं की मुलाचं भलं कशात. हा फरक ज्या पक्षकाराच्या गळी उतरत नाही तो तारखेमागून तारखा हरत जातो.

आता कायद्याची नावं, थोडक्यात. सर्व धर्मांना लागू असलेला जुना कायदा म्हणजे 1890 चा पालक व पाल्य अधिनियम. हिंदूंसाठी त्याच्या जोडीला 1956 चा हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम. या दुसऱ्या कायद्याच्या सहाव्या कलमात वडील आणि त्यांच्यानंतर आई असा पालकांचा क्रम दिला आहे, पण त्याच कलमात असंही म्हटलं आहे की पाच वर्षं पूर्ण न झालेल्या मुलाचा ताबा सामान्यतः आईकडे असावा. 'वडिलांनंतर' याचा अर्थ वडील वारल्यावर असाच घ्यायचा का, हा प्रश्न लेखिका गीता हरिहरन यांनी सर्वोच्च न्यायालयात नेला. 1999 मध्ये निकाल आला: वडील हयात असूनही मुलाकडे बघत नसतील किंवा बघू शकत नसतील, तर आई पालक म्हणून काम करू शकते.

मुस्लिम कुटुंबांत लहान मुलाला सांभाळण्याच्या आईच्या अधिकाराला हिजानत म्हणतात. हनफी परंपरेत तो मुलगा सात वर्षांचा होईपर्यंत आणि मुलगी वयात येईपर्यंत मानला जातो. पण प्रकरण 1890 च्या कायद्याखाली कोर्टात गेलं की तिथेही शेवटी मुलाचं हित बघितलं जातं.

आपल्या आसेगावच्या मुलाचं वय अडीच. तेव्हा ताबा आईकडे राहणार हे जवळजवळ ठरल्यासारखं आहे. 2015 मध्ये गोव्यातलं एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. खालच्या कोर्टाने मूल आईकडे दिलं होतं, उच्च न्यायालयाने ते वडिलांकडे फिरवलं, सर्वोच्च न्यायालयाने परत आईकडे दिलं. वर सांगितलं की पाच वर्षांखालच्या मुलाच्या बाबतीत आई अपात्र आहे हे वडिलांनी सिद्ध करायचं, आपण पात्र आहोत हे आईने नव्हे. म्हणून माझं मत असं की एवढ्या लहान मुलासाठी ताब्याची लढाई लढण्यात बापाने वर्षं घालवू नयेत. ती ताकद त्याने भेटीचा हुकूम चांगला लिहून घेण्यात घालावी. मुलाच्या आयुष्यात बाप राहणार की नाही हे तिथे ठरतं.

३. हा हक्क आधी आयांनी मागितला

आज भेटीचा हक्क म्हटलं की कोर्टाच्या पायरीवर बसलेला बाप डोळ्यांसमोर येतो. सुरुवात मात्र उलटी झाली. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये कायद्याने मूल बापाचं होतं, पूर्णपणे. 1836 मध्ये कॅरोलिन नॉर्टन या लेखिकेच्या नवऱ्याने तिचे तिन्ही मुलगे तिच्यापासून तोडले. ती पत्रकं लिहीत राहिली, खासदारांना भेटत राहिली, आणि 1839 मध्ये संसदेने कायदा केला: सात वर्षांखालच्या मुलांचा ताबा आणि त्याहून मोठ्या मुलांची भेट मागायला आई कोर्टात जाऊ शकेल. तिच्या नवऱ्याने काय केलं? मुलं स्कॉटलंडला नेली. तो कायदा तिथे लागू नव्हता. 1842 मध्ये धाकटा मुलगा घोड्यावरून पडला आणि त्यात गेला.

आपल्याकडे ज्यांना होमरूलमुळे ओळखतात त्या ॲनी बेझंट यांचीही हीच कथा. 1878 मध्ये इंग्लंडच्या कोर्टाने त्यांच्या मुलापाठोपाठ मुलगीही वडिलांकडे दिली, कारण आई नास्तिक होती आणि संततिनियमनाचं पुस्तक छापत होती. पुढे भेटीची मुभा मिळाली. पण प्रत्येक भेटीत मुलांची ओढाताण व्हायला लागली, तेव्हा बेझंटबाईंनी ठरवलं की मुलं समजती होईपर्यंत भेटायचंच नाही. हुकूम हातात होता आणि तरी भेट होऊ शकली नाही. दोन्ही मुलं मोठेपणी आपणहून आईकडे आली.

बाई पुन्हा एकदा मुलांच्याच खटल्यात सापडल्या, या वेळी दुसऱ्याच्या मुलांच्या. 1910 मध्ये मद्रासच्या नारायणय्या यांनी आपले दोन मुलगे, जे. कृष्णमूर्ती आणि नित्यानंद, लेखी देऊन त्यांच्या हवाली केले. दोन वर्षांनी बापाचा विचार बदलला आणि त्याने दावा लावला. मद्रासमध्ये तो जिंकला, लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलमध्ये, म्हणजे त्या काळच्या शेवटच्या अपिलाच्या कोर्टात, 1914 साली हरला, कारण मुलं तोवर इंग्लंडमध्ये होती आणि त्यांचं म्हणणं कोणी ऐकलंच नव्हतं. पण त्याच निकालात एक गोष्ट पक्की झाली. बापाचं पालकत्व ही एक पवित्र जबाबदारी आहे. जिवंतपणी ते लिहून दुसऱ्याला देऊन टाकता येत नाही, आणि सांभाळायला दिलं तरी ते परत घेता येतं.

हे सगळं आसेगावात कशाला? कारण आपल्याकडे अजूनही चार पंचांसमोर स्टॅम्पपेपरवर फारकत लिहिली जाते आणि त्यात एक ओळ हमखास असते: लेकरावर माझा काही हक्क राहिला नाही, मी भेटायला येणार नाही. किंवा उलट, आई लिहून देते की मूल मी सोडलं. या ओळीला कोर्ट विचारत नाही. आईबाप स्वतःपुरते काही हक्क सोडू शकतात. मुलाचं दोघांशी असलेलं नातं मात्र त्यांच्या मालकीचं नसतं, म्हणून ते त्यांना सोडून देता येत नाही. संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क कराराचं नववं कलमही तेच सांगतं: आईबापांपासून दूर राहणाऱ्या मुलाला दोघांशी नियमित संबंध ठेवण्याचा हक्क आहे, त्यात त्याचं अहित नसेल तर. भारताने हा करार 1992 मध्ये स्वीकारला.

आता पहिल्या भागातल्या बापाला उत्तर देता येईल. कागद लागतो, कारण भेट हा फक्त त्याचा हक्क नाही. त्या न बोलणाऱ्या तिसऱ्याच्या वतीने कोणीतरी वेळ ठरवून द्यावी लागते.

४. कोर्ट कुठलं?

मूल सामान्यतः जिथे राहतं त्या भागातलं. 1890 च्या कायद्याचं नववं कलम हेच सांगतं. बाप चाकणला राहतो म्हणून पुण्यात अर्ज टाकून चालणार नाही. मूल आसेगावात असेल तर त्याला वाशीम जिल्ह्यात यावं लागेल. जिल्ह्याला कौटुंबिक न्यायालय असेल तर हे अर्ज तिथे चालतात, नसेल तर जिल्हा न्यायालयात. घटस्फोटाचा किंवा नांदायला येण्याचा दावा आधीच चालू असेल तर हिंदू विवाह कायद्याच्या 26 व्या कलमाखाली त्याच कोर्टात भेट मागता येते, वेगळा दावा लावायची गरज नसते. कौटुंबिक हिंसाचाराची तक्रार दंडाधिकाऱ्यासमोर असेल तर तिथेही तात्पुरता ताबा आणि भेट ठरू शकते.

अंतिम निकालाची वाट बघू नये. दावा दाखल करतानाच अंतरिम भेटीचा अर्ज द्यावा. मोठ्या माणसांच्या भांडणात तीन वर्षं म्हणजे काही नाही. अडीच वर्षांच्या मुलाचं ते सगळं आयुष्य असतं.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण वकील देतं. बाईला आणि मुलाला उत्पन्नाची अट नाही, अनुसूचित जाती-जमातीच्या माणसालाही नाही. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा 3 लाख रुपये आहे. फोन 15100.

आणि एक धोक्याची सूचना. "कोर्टबिर्ट नको, उचलून घेऊन जाऊ" असं सांगणारे भाऊबंद प्रत्येक घरात असतात. 2023 च्या ऑक्टोबरमध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे असं प्रकरण आलं. बापाने मूल आईकडून नेलं होतं आणि त्याच्यावर अपहरणाचा गुन्हा नोंदला होता. न्यायालयाने गुन्हा रद्द केला. बाप हा नैसर्गिक पालक आहे, कोर्टाची मनाई नसेल तर त्याने मूल नेणं हे अपहरण नव्हे. हा निकाल ऐकून काही बापांना चेव येतो. त्यांनी हे ध्यानात ठेवावं की गुन्हा न ठरणं वेगळं आणि मुलाच्या भल्याचं ठरणं वेगळं. उचलून नेलेलं मूल घेऊन कोर्टापुढे उभं राहिलं की पहिला प्रश्न त्या उचलण्याबद्दलच येतो. आईने यातून घ्यायचा अर्थ दुसरा आहे: हातात हुकूम नसेल तर पोलीस फार काही करू शकत नाहीत. कागद तिलाही तितकाच लागतो.

५. अडीच वर्षांच्या मुलाचं घड्याळ

वेळापत्रक लिहिण्याआधी मुलाकडे बघायला हवं. 1952 मध्ये जेम्स रॉबर्टसन यांनी लंडनमध्ये एक लघुपट काढला. दोन वर्षं पाच महिन्यांची एक मुलगी किरकोळ शस्त्रक्रियेसाठी आठ दिवस रुग्णालयात राहते. त्या काळी आईबापांना जवळ थांबू देत नसत. मुलगी आधी रडली, मग गप्प झाली, आणि आई भेटायला आल्यावर तिने तोंड फिरवलं. रुग्णालयाचे लोक म्हणायचे की मूल रुळलं. रॉबर्टसन म्हणाले, रुळलं नाही, आशा सोडली. त्या लघुपटाने आणि मनोविकारतज्ज्ञ जॉन बोल्बी यांच्या अभ्यासाने जगभरच्या बालविभागांचे भेटीचे नियम हळूहळू बदलले.

कोर्टातल्या भेटीत हे दृश्य नेहमी दिसतं. सहा महिन्यांनी बाप समोर येतो आणि मूल आईच्या पदरात तोंड लपवतं. बापाच्या बाजूचे म्हणतात, शिकवून आणलं. आईकडचे म्हणतात, बघा, याला बाप नकोच आहे. दोघांचंही चुकतं. शिकवण्याचे प्रकार होतात, सर्वोच्च न्यायालयाने त्यावर टीकाही केली आहे. पण अडीच वर्षांचं मूल अनोळखी झालेल्या माणसाकडे झेपावलं नाही, तर त्यात शिकवण्यासारखं काही लागत नाही. परत जाताना ते रडलं तर तोही भेट वाईट झाल्याचा पुरावा नाही. अंगणवाडीच्या दारातही मुलं रडतात.

या वयात महिना ही कल्पनाच नसते. काल, आज आणि झोपून उठल्यावर, एवढंच कळतं. म्हणून लहान मुलासाठी महिन्यातून एकदा पूर्ण दिवसापेक्षा थोडी थोडी पण वारंवार भेट बरी. वय वाढेल तशी भेट लांबत जावी आणि मधलं अंतर वाढलं तरी चालावं. मुक्कामाची भेट आधी एका रात्रीची, मग दोन रात्रींची. नव्या घरात झोपताना मुलाच्या जवळ त्याची नेहमीची गोधडी असावी, हे हुकुमात लिहून घेतलं तरी कोणी हसणार नाही.

आणि भेट म्हणजे खाऊ, खेळणी, फोटो नव्हे. आंघोळ घालणं, वरणभात भरवणं, दुपारी थोपटून झोपवणं, हे ज्याच्या हातून होतं तो मुलाच्या लेखी आपला. सकाळी 11 ते 1 अशी भेट ठरवली आणि मूल साडेबाराला झोपत असेल, तर बापाच्या वाट्याला दीड तासच येतो आणि त्यातही मूल पेंगुळलेलं. हे वकिलाला माहीत नसतं, न्यायाधीशांना तर नसतंच. ते अर्जात आईबापांनीच सांगायचं असतं.

६. वेळापत्रक मांडून बघू

दूरच्या बापाला बऱ्याचदा असा हुकूम मिळतो: महिन्यातून एकदा, कोर्टाच्या आवारात, दोन तास. वर्षाचे 24 तास. म्हणजे अख्ख्या वर्षात एक दिवस.

आता आपल्या कुटुंबाचा हिशेब करू. मुलाची शाळा अजून सुरू नाही, तेव्हा रविवारचा आग्रह कशाला? पुण्याच्या औद्योगिक पट्ट्यात कित्येक कारखान्यांची सुट्टी गुरुवारी असते. आपल्या बापाचीही गुरुवारी आहे असं धरू. मग "दुसरा आणि चौथा रविवार" असा हुकूम, वकिलांच्या सवयीने पडलेला, त्याच्या काही कामाचा नाही. दर खेपेला दोन दिवसांचा खाडा. दोन-तीन महिने तो खाडे करेल, पुढे येणं थांबेल, आणि समोरचा वकील कोर्टाला सांगेल की याला मुलाची ओढ नाही.

त्याऐवजी एकाआड एक गुरुवार. बुधवारी त्याची सकाळची पाळी संपते, रात्री ट्रॅव्हल्स, पहाटे वाशीम. दोन पाळ्यांच्या कारखान्यात पाळी सुट्टीनंतर पालटते, म्हणजे शुक्रवारी दुपारची. एका आठवड्याआड हे आपोआप जुळतं. मुलाची भेट सकाळी 10 ते संध्याकाळी 5. सात तास, मधल्या झोपेसकट. वर्षात असे 26 गुरुवार, म्हणजे 182 तास. साडेसात दिवस. एका दिवसाच्या जागी.

मधल्या तेरा दिवसांचं काय? 2020 मध्ये यशिता साहू यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने भेटीच्या जोडीला संपर्काचा हक्क मान्य केला. खास कारण नसेल तर ज्याच्याकडे ताबा नाही त्या पालकाला रोज 5 ते 10 मिनिटं मुलाशी बोलता यावं, आणि शक्य असेल तर व्हिडिओ कॉलवर. रोज 10 मिनिटं धरली तर वर्षाचे साठेक तास होतात. पण हुकुमात "व्हिडिओ कॉल करावा" एवढंच लिहून भागत नाही. फोन कोणाचा? मामाचा असेल आणि मामा शेतात असेल तर कॉल लागत नाही. म्हणून नंबर लिहावा, वेळ लिहावी, लागला नाही तर किती वेळात परत लावायचा तेही लिहावं. अडीच वर्षांचं मूल दहा मिनिटं बोलत नसतं हे बापानेही समजून घ्यावं. ते फोन ठेवून कोंबडीमागे पळेल. आईने फोन कोंबडीकडे वळवला तरी कॉल झाला.

सण, वाढदिवस, आजारपण यांच्या ओळी आत्ताच घालाव्यात. दिवाळीचा पाडवा एका वर्षी इकडे, पुढच्या वर्षी तिकडे. ताप असेल तर भेट आईच्या घरी आणि बुडालेले तास पुढच्या आठवड्यात. उन्हाळ्याच्या सुट्टीबद्दल एक बारीकशी पण महागात पडणारी गोष्ट. पुण्याच्या नमुन्यावरून मसुदा उचलला की त्यात "15 जूनपर्यंत" असं येतं. विदर्भातल्या शाळा उन्हामुळे उर्वरित महाराष्ट्रापेक्षा उशिरा उघडतात. तारखेऐवजी "मुलाची शाळा उघडण्याच्या सात दिवस आधीपर्यंत" असं लिहावं. त्या मधल्या दिवसांवरून भांडणं झालेली आहेत.

हे सगळं दोघांच्या संमतीने ठरलं तर दोघांच्या सहीची पुरसीस, म्हणजे लेखी निवेदन, कोर्टात द्यायची आणि त्यावर हुकूम मागायचा. न्यायाधीश अशा तपशीलवार मसुद्याला सहसा नाही म्हणत नाहीत. त्यांच्याकडे तपशील येतच नाही, ही खरी अडचण आहे.

७. कोणाच्या ओट्यावर?

मोठ्या शहरांतल्या कौटुंबिक न्यायालयांत मुलांसाठी खोली असते, समुपदेशक असतात. आसेगावात यातलं काही नाही. आणि गाव लहान. जावई बसमधून उतरला की ती बातमी त्याच्याआधी आळीत पोचते. सासऱ्याच्या ओट्यावर भेट ठेवली तर मूल बापाच्या मांडीवर आणि भोवती सहा जण टक लावून. बाप अवघडतो, मूल त्याहून जास्त. पोलीस ठाण्यात भेट ठेवणं तर अगदीच वाईट. मुलाच्या मनात बाप आणि खाकी गणवेश एकत्र जोडले जातात.

यातल्या यात बरं म्हणजे दोन्हीकडे ये-जा असलेल्या एखाद्या घरी देणं-घेणं करावं. सोयरीक जमवणारा माणूस अनेकदा अजून दोघांशी बोलत असतो. मूल त्याच्या घरी सोपवायचं, दहा मिनिटं आई तिथे थांबायची, मग निघायचं. दिवसभर कुठे असणार आणि कोणाबरोबर, हे बापाने आधी सांगायचं. आईला ही माहिती मागण्याचा अधिकार आहे आणि ती दिल्याने बापाचा मान कमी होत नाही. ओळखीची जागा नसेल तर वाशीम किंवा मंगरुळपीरला, कोर्टाच्या मध्यस्थी केंद्रासारखी जागा मागता येते. पण ती पहिल्या दोन-चार भेटींपुरती.

आजी-आजोबा, मावश्या यांच्या भेटीचंही एक वाक्य हुकुमात घालावं. 2019 मध्ये पुण्या-मुंबईकडचं एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयाने निकाली काढलं. आई वारली होती, तान्ही मुलगी मावश्यांकडे वाढत होती. ताबा वडिलांना मिळाला, पण मुलगी एकदम तुटू नये म्हणून मावश्यांना तिच्याकडे येत-जात राहण्याची मुभा दिली. भेटीचा हक्क फक्त आईबापांनाच असतो असं नाही.

८. पोटगी थकली, भेट बंद?

नाही. बाप पोटगी देत नसेल तर त्याच्यावर वसुलीचा अर्ज करावा, मालमत्तेवर जप्ती आणावी, तुरुंगात पाठवायची मागणीही करता येते. पण म्हणून मुलाची भेट अडवता येत नाही. उलटही तेच. भेट होत नाही म्हणून बापाला पोटगी थांबवता येत नाही. दोन्ही मुलाचंच देणं आहे, एका देण्याच्या बदल्यात दुसरं अडवलं तर दोन्हीकडून नुकसान त्याचंच होतं.

मात्र आईच्या प्रश्नात रागापलीकडचं काही असेल तर उत्तर बदलतं. बाप दारू पिऊन येतो, मारहाण केली आहे, मुलाला पळवून नेण्याची धमकी दिली आहे. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या 21 व्या कलमात सरळ म्हटलं आहे की भेट मुलाला अपायकारक वाटली तर दंडाधिकाऱ्याने ती नाकारावी. त्याच्या अलीकडे देखरेखीखालची भेट असते: तिसरा माणूस हजर, जागा ठरलेली, मूल बाहेर न्यायचं नाही. फक्त हे आईने स्वतः ठरवून दार लावून करू नये. कोर्टाला सांगून करावं, दवाखान्याचे कागद, तक्रारीची प्रत जोडून. न सांगता दार लावणारी आई खरी असली तरी अडवणूक करणारी दिसते.

९. हुकूम आहे, पण मूल आणलंच नाही

गुरुवारी दहा वाजता बाप पोचला आणि घराला कुलूप. भांडू नये, दार वाजवत गोंधळ घालू नये. मोबाइलवरून साधा निरोप पाठवावा: मी ठरलेल्या जागी दहाला आलो आहे, एकपर्यंत थांबतो. प्रवासाचं तिकीट जपून ठेवावं. एकदा झालं तर सोडून द्यावं, खरंच लग्नाला गेले असतील. दुसऱ्यांदा झालं की ज्या कोर्टाने हुकूम दिला तिथेच अर्ज करावा: बुडालेले तास भरून द्या, प्रवासखर्च द्या. वारंवार झालं तर अवमानाची कारवाई, आणि अगदी टोकाला ताब्याचाच फेरविचार. कोर्ट ही पायरी सहजी चढत नाही, कारण आईला शिक्षा झाली तर ती मुलालाही होते.

बाप येत नसेल तर? हा प्रश्न कमी विचारला जातो आणि जास्त घडतो. मुलाला सकाळी नवे कपडे घालून बसवायचं आणि बारा वाजता सांगायचं की आज येत नाही. येणं जमणार नसेल तर दोन दिवस आधी कळवायचं, सलग तीन भेटी चुकल्या तर वेळापत्रक कोर्टापुढे पुन्हा ठेवायचं, अशी अट हुकुमात घालून घेता येते. आईच्या वकिलाने ती मागावी.

ताबा आणि भेटीचे हुकूम दगडावरची रेघ नसतात, परिस्थिती बदलली की ते बदलून मागता येतात. आपल्या मुलाला सहा वर्षं पूर्ण होतील तेव्हा तो पहिलीत असेल आणि गुरुवारचा दिवस शाळेचा असेल. तेव्हा बापाने शाळेचं वेळापत्रक, स्वतःच्या सुट्ट्यांचा कारखान्याचा दाखला आणि आजवर झालेल्या भेटींची तारीखवार यादी जोडून बदलाचा अर्ज द्यावा, आणि तो जूनमध्ये नाही, जानेवारीतच.